बांधकामाचे शब्द आणि शेतकऱ्याची सही

वाफसा हा शब्द शहरांतील गृहस्थास समजावून सांगावयाचा म्हटलें तर घटकाभर वेळ जातो. जमीन ओली आहे असें म्हणून भागत नाहीं, कोरडी आहे असें म्हणूनही भागत नाहीं. मूठभर माती दाबली असतां तिचा गोळा व्हावा व तो टिचकीसरशीं फुटावा, एवढीच ओल जींत राहिली ती जमीन वाफशावर आली असें आपण म्हणतों. एका शब्दांत स्थिति, माप आणि कामाची वेळ हीं तिन्ही आलीं. प्रत्येक धंद्याचे शब्द असेच असतात. ज्यास ते कळतात त्यास काम कळतें. ज्यास कळत नाहींत तो दुसऱ्याच्या सांगण्यावर विसंबून राहतो.

आपल्या भागांत, म्हणजे ठाणें, पनवेल व उरण तालुक्यांत, दुसऱ्याच एका धंद्याचे शब्द आज पन्नास वर्षांवर वावरत आहेत. १७ मार्च १९७० रोजीं सिडको ही संस्था स्थापन झाली आणि ९५ गांवांच्या जमिनींवर नवी मुंबई वसविण्याचें काम सुरू झालें. न्हावा-शेवा येथील बंदर १९८९ सालीं चालू झालें. विमानतळाचें उद्घाटन ८ ऑक्टोबर २०२५ रोजीं होऊन त्याच वर्षीं २५ डिसेंबरपासून विमानें उडूं लागलीं. त्या सुमारें ११६० हेक्टर क्षेत्राकरितां दहा गांवें उठलीं, उलव्याची टेंकडी कापली गेली व उलवें नदीचा प्रवाह वळविला गेला. एवढें काम डोळ्यांदेखत होऊनही भराव, तलांक, ब्रास, एम-तीस, कार्पेट हे शब्द आपल्यापैकीं पुष्कळांस केवळ ऐकून ठाऊक आहेत. सही करण्याच्या कागदावर ते आले म्हणजे आपण मान डोलावतों. तसें होऊं नये म्हणून हा पाठ लिहिला आहे.

आम्ही इंजिनियर नव्हे. आमचा जन्म महसूल खात्याच्या कचेरींत कारकुनी करण्यांत गेला. परंतु या शब्दांनीं झालेलें नुकसान आम्हीं जवळून पाहिलें आहे, व त्यांतील एका नुकसानींत आमच्या स्वतःच्या लेखणीचाही वांटा आहे. प्रथम तीच हकीकत सांगतों.

१. ब्रास

ब्रास म्हणजे १०० घनफूट. मेट्रिक मापानें २.८३ घनमीटर. फरशीच्या कामांत हाच शब्द १०० चौरस फुटांस लावतात, हेंही लक्षांत ठेवावें. येथवर सर्वांस माहीत असतें. पण ब्रास कोठें मोजावयाचा?

आमच्या गांवच्या एका शेतकऱ्यानें आपल्या वरकस जमिनींतील मुरूम एका कंत्राटदारास विकला. करार लिहून देण्यास ते आमच्याकडे आले. "भाऊ, तुम्ही कचेरींतले, तुम्ही लिहाल तें बरोबरच असेल," असें ते म्हणाले. आम्हीं सुवाच्य अक्षरांत दर ब्रासला अमुक रुपये असें लिहून दिलें. काम झाल्यावर कंत्राटदारानें खड्डा मोजला. लांबी १०० फूट, रुंदी ८० फूट, खोली ५ फूट. म्हणजे ४०,००० घनफूट, अर्थात् ४०० ब्रास. त्याप्रमाणें पैसे चुकते झाले.

तोच मुरूम त्याच कंत्राटदारानें आमच्या शेतकऱ्याच्या व्याह्यांस विकला. त्यांना १२ गुंठ्यांच्या जागेंत घरासाठीं चार फूट भराव घालावयाचा होता. तेथें माप गाडीवर झालें. चार ब्रासच्या गाडीच्या १३० खेपा, म्हणजे ५२० ब्रास. पुढें रोलर फिरवून भराव बसविला, तेव्हां चार फुटांच्या जागीं जेमतेम पावणेतीन फूट उंची भरली. म्हणजे सुमारें ३६० ब्रास. दोघे व्याही एका लग्नांत शेजारीं बसले तेव्हां हा प्रकार उघडकीस आला. व्याह्यांचें म्हणणें, सोयऱ्यानें खेपा लपविल्या. सोयऱ्याचें म्हणणें, व्याही आपल्यास चोर म्हणतात. वर्षभर एकमेकांच्या दारांत पाऊल पडलें नाहीं.

वास्तविक खोटें कोणीच बोललें नव्हतें. डोंगरांत घट्ट बसलेला मुरूम खणला कीं मोकळा होऊन फुगतो. या फुगवट्यामुळें ४०० चे ५२० झाले. तोच पसरून, पाणी मारून, रोलरनें दाबला कीं मूळच्याहूनही आवळून बसतो. म्हणून ३६० उरले. माती तीच, ब्रासही तोच, पण स्थिति तीन. फुगवट्याचें प्रमाण मातीमातीचें वेगळें असतें; वरील आंकडे केवळ त्या मुरुमाचे आहेत. कंत्राटदारानें घेतांना खड्ड्याचें माप लावलें व देतांना गाडीचें. करारांत आम्हीं 'ब्रास' लिहिला, पण 'खड्ड्यांत', 'गाडींत' कीं 'भरावांत' हा एक शब्द लिहिला नाहीं. त्या एका शब्दाच्या अभावीं एकानें कमी घेतलें, दुसऱ्यानें जास्त दिलें, आणि दोन घरांचें सोयरपण वर्षभर तुटलें. व्याह्यांना पक्का चार फूट भराव हवा होता, तर त्याच प्रमाणानें गाडीच्या मापाचे सुमारें ७५५ ब्रास लागले असते. हा हिशेब आधीं झाला असता तर घरांत दर पावसाळ्यांत पाणी शिरतें ना.

यापुढें करारांत असें लिहावें : "भराव रोलरनें दाबून झाल्यावर, कामापूर्वींची व कामानंतरची पातळी उभयतांसमक्ष घेऊन, त्यांतील फरकावरून ब्रास मोजावे." विकणारानेंही आपलें माप खड्ड्याचें कीं गाडीचें हें स्पष्ट लिहून मगच दर ठरवावा.

याच शब्दाची आणखी एक बाजू आहे. मुरूम हा गौण खनिजांत मोडतो व त्याचा परवाना ठराविक ब्रासचाच असतो. परवान्याबाहेर उत्खनन झाल्यास महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८ खालीं बाजारभावाच्या पांचपटीपर्यंत दंड होऊं शकतो व तो जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणें वसूल होतो. कंत्राटदार निघून जातो. सात-बारावरचें नांव मात्र आपलें असतें. म्हणून खेपा चालू असतांनाच खड्डा मधून मधून मोजून घ्यावा.

२. पातळी व तलांक

नकाशावर जागोजागीं 'आर. एल. ३.२०' असे आंकडे दिसतात. मराठींत त्यास तलांक म्हणतात. एखादी ठराविक शून्य पातळी धरून तिच्यावर ती जागा किती मीटर उंच आहे, तें हा आंकडा सांगतो. देशांतील सर्वसाधारण शून्य म्हणजे समुद्राची सरासरी पातळी. तथापि कांहीं कामांवर सोयीसाठीं जवळच्या एखाद्या दगडास शून्य किंवा शंभर धरून मोजतात. म्हणून दोन नकाशांतील तलांकांची तुलना करण्यापूर्वीं दोहोंचें शून्य एकच आहे कीं नाहीं, हें विचारलेंच पाहिजे.

तलांकाचा उपयोग साध्या वजाबाकीनें होतो. समजा, पुढील रस्त्याचा तलांक ४.२० आहे व आपल्या जागेचा २.९० आहे. फरक १.३० मीटर, म्हणजे सव्वाचार फूट. एवढा भराव घातल्यावर जागा केवळ रस्त्याबरोबर येईल. जोतें त्याच्याही वर पाहिजे. 'जागा सपाट करून देऊं' असें कोणी म्हणाल्यास कोणत्या तलांकास सपाट, हें कागदावर मागावें. पहिला नांगर फिरण्यापूर्वींच्या जमिनीस 'नैसर्गिक भूपातळी' म्हणतात. ती काम सुरू होण्यापूर्वींच नोंदवून घ्यावी. एकदां भराव पडला कीं ती कोठें होती याचा पुरावा राहत नाहीं.

येथें एका घोटाळ्याचा उल्लेख अवश्य आहे. पावसाळ्यांत 'आज ४.८ मीटरची भरती' असें जाहीर होतें आणि ज्याच्या जागेचा तलांक ३ आहे तो घाबरतो. परंतु भरतीच्या तक्त्याचें शून्य निराळें असतें. मुंबई बंदरांत तें सरासरी समुद्रपातळीच्या सुमारें अडीच मीटर खालीं आहे. तेव्हां ती भरती तलांकाच्या हिशेबानें सुमारें २.३ येथवर येते. याचा अर्थ निर्धास्त बसावें असा नाहीं. लाटा, वारा व पावसाचें तुंबलेलें पाणी यांची उंची त्यावर चढते. परंतु भीति किंवा धीर, जें वाटावयाचें तें बरोबर हिशेबावरून वाटावें.

३. दाबणें व खचणें

भराव दाबण्याचें शास्त्र शेतकऱ्यास नवें नाहीं. माती फार कोरडी असली तर कण एकमेकांवर सरकत नाहींत. फार ओली असली तर मधल्या पाण्यामुळें ते जवळ येत नाहींत. या दोहोंमध्यें ओलीचें एक प्रमाण असें असतें कीं त्यावर तेवढ्याच रोलरनें माती सर्वांत घट्ट बसते. अमेरिकेंतील प्रॉक्टर या इंजिनियरानें १९३३ सालीं त्याची परीक्षा ठरवून दिली. म्हणून कागदांत 'प्रॉक्टर घनता ९५ टक्के' असे शब्द येतात. तात्पर्य, भरावालाही त्याचा वाफसा असतो. नांगरटीचा वाफसा माती मोकळी करण्याचा, हा आवळण्याचा, एवढाच भेद. भराव सुमारें पाऊण फुटाच्या थरांनीं घालून प्रत्येक थर दाबावा लागतो. चार फूट माती एकदम ओतून वरून रोलर फिरविला तर वरचाच थर बसतो व खालचा पोकळ राहतो.

दाबणें माणसाच्या हातीं आहे, खचणें नाहीं. खाडीकांठच्या आपल्या जमिनींखालीं मऊ गाळाचा थर आहे. वर भराव पडला कीं त्याच्या भारानें गाळांतील पाणी फार हळूहळू बाहेर पडतें व जमीन वर्षानुवर्षें खालीं जाते. मोठ्या कामांवर गाळांत सुमारें चार इंच रुंदीच्या पट्ट्या उभ्या खुपसतात, म्हणजे पाण्यास वर येण्यास वाट मिळून खचणें लवकर उरकतें. ज्या शेतकऱ्यानें कधीं पाणथळ शेतांत चर काढला आहे त्यास हें तत्त्व सांगावयास नको; येथें चर उभा आहे इतकेंच. घरबांधणींत 'पाईल' म्हणजे गाळ ओलांडून खालच्या टणक थरापर्यंत नेलेला खांब. भराव खचला तरी पाईलवरील घर जागीं राहतें. त्यामुळें घर व अंगण यांमध्यें पायरी पडते व नळ तुटतात. पाईल घातली म्हणून भरावाकडे दुर्लक्ष करूं नये.

४. यंत्रांचीं नांवें

आपण ज्यास जेसीबी म्हणतों तें मुळीं यंत्राचें नांव नव्हे, माणसाचें आहे. इंग्लंडमध्यें जोसेफ सिरिल बॅमफर्ड यानें १९४५ सालीं शेतावर उपयोगी पडणारी, मागें कलती होणारी गाडी बनवून धंदा मांडला. त्याच्या नांवाचीं तीन आद्याक्षरें आज आपल्या गांवोगांवीं क्रियापदासारखीं वापरलीं जातात. पोकलेन हें फ्रान्समधील एका कंपनीचें नांव. तीही प्रारंभीं शेतीचींच अवजारें करीत असे. हायवा हें हॉलंडमधील कंपनीचें नांव. ती गाडीचा हौदा उचलणारा जॅक बनविते, पण आपण सगळ्या गाडीसच हायवा म्हणतों. आजच्या राक्षसी यंत्रांपैकीं दोघांचें मूळ शेतकऱ्याच्या वाड्यांत आहे, हें ऐकून वाचकांस मौज वाटेल.

परंतु करारांत मौज चालत नाहीं. चाकांवरच्या व पुढें सुपडें, मागें खणणारा हात असलेल्या यंत्रास बॅकहो लोडर म्हणतात. साखळीपट्ट्यांवर चालणाऱ्या व कमरेंत फिरणाऱ्या यंत्रास एक्सकॅव्हेटर. दोहोंचा ताशी दर वेगळा व तासाचें कामही वेगळें. खारजमिनींत चाकें रुततात, पट्टे भार वांटून घेतात. 'मशीनचे दर तासाचे अमुक' एवढेंच लिहिलें तर स्वस्त यंत्र पाठवून महाग दर लावण्यास मुभा राहते. यंत्राचें नांव, सुपड्याचें माप, तास यंत्र दारीं आल्यापासून धरावयाचा कीं सुपडें जमिनीस लागल्यापासून, आणि तेल कोणाचें, हीं चार कलमें लिहून घ्यावीं.

५. काँक्रीट

'एम-वीस', 'एम-तीस' यांतील एम म्हणजे मिश्रण, व आंकडा त्याच्या ताकदीचा. पंधरा सेंटिमीटरचा ठोकळा २८ दिवस मुरवून यंत्रांत दाबला असतां दर चौरस मिलिमीटरला किती न्यूटन दाब सोसतो, तें तो आंकडा सांगतो. भारतीय मानक ४५६ च्या सन २००० च्या आवृत्तींत समुद्रकिनाऱ्याच्या हवेंत उघड्या राहणाऱ्या सळईच्या काँक्रीटला निदान एम-तीस सांगितलें आहे व सळईवर ४५ मिलिमीटरचें 'कव्हर'. कव्हर म्हणजे सळईच्या अंगावरील काँक्रीटची जाडी. खाऱ्या हवेंत सळई गंजून फुगते व स्लॅबचे पोपडे सुटतात. त्याविरुद्ध कव्हर हेंच चिलखत. ज्याचें घर खाडीवर आहे त्यानें कागदांत एम-वीस दिसतांच कारण विचारावें.

'सेंटरिंग' म्हणजे ओलें काँक्रीट धरून ठेवणाऱ्या फळ्या व टेकू. 'क्युअरिंग' यास आपले गवंडी 'पाणी मारणें' म्हणतात, व तोच शब्द चांगला. साध्या सिमेंटला निदान सात दिवस व राख वगैरे मिसळलेल्या सिमेंटला निदान दहा दिवस काँक्रीट ओलें ठेवावें. रोपवाटिकेंतील रोपांस आपण जशी तहान लागूं देत नाहीं, तशी नव्या स्लॅबलाही लागूं देऊं नये.

६. टक्के व क्षेत्र

साडेबारा टक्के हा शब्द आपल्या भागांत कसा आला हें विसरून चालणार नाहीं. जानेवारी १९८४ मध्यें, दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालील आंदोलनांत, जासई-उरण येथें गोळीबार होऊन पांच शेतकरी हुतात्मे झाले. त्या लढ्यांतून ही योजना उभी राहिली. म्हणून निदान त्या शब्दाचा अर्थ तरी प्रत्येकास चोख ठाऊक असावा. संपादित जमिनीच्या साडेबारा टक्क्यांतून पावणेचार टक्के सामाजिक सोयींकरितां वजा होतात. हातीं राहतात पावणेनऊ. एक एकर म्हणजे ४,०४७ चौरस मीटर. साडेबारा टक्क्यांनीं ५०६, पण भूखंड मिळावयाचा तो सुमारें ३५४ चौरस मीटरांचा.

पुढें त्या भूखंडावर कोणी इमारत बांधूं म्हणतो, तेव्हां 'चटई क्षेत्र निर्देशांक' येतो. भूखंडाच्या किती पट मजल्यांचें क्षेत्र बांधतां येईल, तो हा आंकडा. निर्देशांक दीड धरला तर ३५४ वर ५३१ चौरस मीटर. 'कार्पेट' म्हणजे घरांत प्रत्यक्ष वापरावयाची जमीन. २०१६ च्या स्थावर संपदा कायद्यान्वयें त्यांत घरांतल्या भिंती धरतात, बाहेरच्या भिंती व खासगी गच्ची धरीत नाहींत. 'बिल्टअप' त्याहून मोठें, व 'सुपर बिल्टअप' मध्यें जिनासुद्धां वांटून घातलेला असतो. 'निम्मी इमारत तुमची' असें बोलणारास, निम्मी कोणत्या क्षेत्राची, हें विचारल्यावांचून पुढें जाऊं नये.

७. आपले शब्द

शेवटीं एक गोष्ट सांगून हा पाठ आटोपतों. नवी मुंबईंत वाशी, नेरूळ वगैरे सखल भागांत खाडीकांठीं धारण तलाव आहेत. भरतीच्या वेळीं त्यांचीं दारें पाण्याच्या दाबानें आपोआप मिटतात, पावसाचें पाणी तलावांत थांबतें, व ओहोटी लागली कीं दारें उघडून तें खाडींत जातें. ही पद्धति हॉलंडची म्हणून सांगतात, व ती आहेही चांगली. परंतु आपल्या वाडवडिलांच्या खारबांधास उघाडी असे. भरतीला ती मिटे, ओहोटीला उघडे, व त्याच उपायानें खाडीच्या तोंडीं भात पिके. वस्तु एकच, एकीचा शब्द नकाशावर चढला, दुसरीचा बांधावरच राहिला.

म्हणून नव्या शब्दांस भिऊं नये. त्यांच्यामागील बहुतेक वस्तु आपल्या ओळखीच्या आहेत : भरावाचा वाफसा, उभा चर, दार लावलेली उघाडी. अनोळखी आहे तें फक्त माप. तेव्हां सही करण्यापूर्वीं प्रत्येक शब्दास पुढील प्रश्न करावे :

(१) हें कोठून मोजलें? शून्य कोणतें?
(२) कोणत्या स्थितींत मोजलें? घट्ट, मोकळें कीं दाबलेलें?
(३) कोणीं मोजलें, आणि आपण तेथें हजर होतों काय?
(४) यांतून वजा काय होणार?
(५) हें सर्व कागदावर आहे काय?

हे प्रश्न विचारण्यांत कमीपणा नाहीं. चांगला इंजिनियर त्यांचें उत्तर आनंदानें देतो. जो टाळाटाळ करील त्याच्या कागदावर घाईनें सही करूं नये.

असो. वर सांगितलेले दोघे व्याही आतां पुन्हां एका पंक्तीस जेवतात. त्यांच्यापुढें बसून आम्हीं तीन आंकड्यांचा हिशेब मांडला व चूक आपल्या लेखणीची होती असें कबूल केलें, तेव्हां तें मिटलें. घराचें जोतें मात्र सव्वा फूट खालींच आहे.